तीस दिवस आणि तीस वर्षे

(कार्यकर्त्यांच्या अभ्यासवर्गात दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



सरकारी देणे थकल्यामुळे सरकारने लिलावात काढलेली मालमत्ता आणि त्या लिलावाला उशिरा दिले गेलेले आव्हान, हा आजच्या व्याख्यानाचा विषय आहे. विषय रुक्ष आहे. तो वकिलांच्या चर्चेत शोभावा, कार्यकर्त्यांच्या अभ्यासवर्गात त्याचे प्रयोजन काय, अशी शंकाही काहींच्या मनात आली असेल. परंतु तालुक्याच्या ठिकाणी बसून ज्यांनी काही वर्षे लोकांचे अर्ज लिहिले आहेत त्यांना ठाऊक आहे की, जमीन गेलेला माणूस आपल्याकडे येतो तो बहुधा फार उशिरा येतो. बापाच्या किंवा आजाच्या नावची जमीन सातबाऱ्यावर सरकारच्या किंवा कोणा तिऱ्हाइताच्या नावे लागलेली असते. मधल्या काळात तो दोन-तीन वकिलांचे उंबरे झिजवून आलेला असतो आणि प्रत्येकाने त्याला दोनच शब्द सांगितलेले असतात : मुदत गेली.

हे शब्द ऐकल्यावर आपणही पुष्कळदा गप्प बसतो. मुदत ही जणू ऋतुचक्रासारखी आपोआप चालणारी गोष्ट आहे, अशी आपली समजूत असते. वास्तविक मुदत माणसांनी ठरविलेली असते. ती कोणी, केव्हा आणि कोणाच्या सोयीसाठी ठरविली, याला इतिहास असतो. आज मला मुख्यतः एकच मुद्दा मांडावयाचा आहे. उशीर झाला एवढ्या एका कारणावरून सगळे लिलाव एकाच मापाने मोजणे अन्यायाचे आहे. लिलावात गेलेली जमीन आज कोणाच्या हाती आहे, हा प्रश्न आधी विचारला पाहिजे. आणि ती सरकारच्याच हाती असेल, तर मुदतीचा बडगा दाखविण्याचा नैतिक अधिकार सरकारला उरत नाही.

दोन घड्याळे

सरकारी देणे म्हणजे केवळ शेतसारा नव्हे. तगाई आणि निरनिराळ्या कायद्यांनी ‘जमीन महसुलाच्या थकबाकीप्रमाणे’ वसुलीयोग्य ठरविलेली कितीतरी देणी एकाच वाटेने वसूल केली जातात. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ ही ती वाट. मागणीची नोटीस, जंगम मालमत्तेची जप्ती, स्थावर मालमत्तेची विक्री, आणि प्रसंगी बाकीदाराची अटकसुद्धा, एवढी सगळी हत्यारे ही संहिता महसूल अधिकाऱ्यांच्या हाती देते. लिलाव झाल्यानंतर बाकीदारापुढे दोन मार्ग राहतात. पहिला पैशाचा : तीस दिवसांच्या आत थकबाकी भरावी, खरेदीदारासाठी बोलीच्या रकमेच्या पाच टक्के वर ठेवावे आणि विक्री रद्द करून घ्यावी. दुसरा तक्रारीचा : जाहीरनामा काढण्यात किंवा लिलाव चालविण्यात महत्त्वाची अनियमितता, चूक किंवा लबाडी झाली असे म्हणून जिल्हाधिकाऱ्यांकडे अर्ज करावा. यालाही मुदत विक्रीच्या तारखेपासून तीस दिवसांचीच. शिवाय अनियमितता किंवा चूक दाखवून भागत नाही. तिच्यामुळे आपले भरीव नुकसान झाले हे अर्जदाराने सिद्ध करावयाचे असते. तीस दिवस उलटले आणि अर्ज आला नाही, की विक्री कायम करण्याचा मार्ग मोकळा होतो.

मग दिवाणी न्यायालय उरते. भारतीय मुदतीचा कायदा, १९६३ याच्या ९९ व्या अनुच्छेदाने सरकारी महसुलाच्या थकबाकीपोटी झालेली विक्री रद्द करून मागण्याच्या दाव्याला एक वर्षाची मुदत दिली आहे, आणि ते वर्ष विक्री कायम झाल्यापासून मोजले जाते. आता याच कायद्याचे ११२ वे अनुच्छेद पाहा. केंद्र किंवा राज्य सरकारला नागरिकाविरुद्ध दावा लावावयाचा असेल, तर त्याला मुदत आहे तीस वर्षांची. १९०८ च्या जुन्या कायद्यात ती साठ वर्षांची होती.

तीस दिवस आणि तीस वर्षे! ज्याच्यापाशी कार्यालये, कारकून, वकील आणि दप्तरखाने आहेत त्याला एक पिढी विचार करण्याची सवड. आणि ज्याच्यापाशी यांपैकी काहीच नाही, त्याला एका महिन्याची. सरकारच्या बाजूने असे सांगितले जाते की, सरकार म्हणजे सर्व जनता, आणि अधिकाऱ्यांच्या हलगर्जीपणामुळे जनतेचे नुकसान होऊ नये. हे तत्त्व म्हणून आपण मान्य करू. परंतु मग, अधिकाऱ्यांच्या हलगर्जीपणामुळे त्याच जनतेतील एका घराची जमीन जाऊ नये, हेही तत्त्व त्याच श्वासात मान्य केले पाहिजे.

मुदत किती हे सरकारलाच नीट सांगता आलेले नाही, याचेही एक उदाहरण आहे. न्यायालयीन हुकूमनाम्यापोटी होणाऱ्या लिलावांच्या बाबतीत संसदेने १९७६ साली मुदतीच्या कायद्यातील तीस दिवसांचे साठ दिवस केले. पण दिवाणी प्रक्रिया संहितेत पैसे भरण्याची मुदत तीस दिवसांचीच राहू दिली. तीस खरे की साठ, यावर खटले चालले. १९९० साली सर्वोच्च न्यायालयाने तीस म्हटले. २००१ साली घटनापीठाने तो निर्णय फिरवून साठ म्हटले. अखेर २००२ साली संसदेने संहिता दुरुस्त केली. कायद्याच्या दोन पुस्तकांतील एक आकडा जुळविण्यास राज्ययंत्रणेला सव्वीस वर्षे लागली. त्या सव्वीस वर्षांत एकतिसाव्या दिवशी पैसे घेऊन आलेल्या माणसाला काय सांगितले गेले असेल, याचा विचार आपणच करावा.

हे तीस दिवस आले कोठून?

१८७५ च्या मे महिन्यात पुणे जिल्ह्यातील सुपे येथे शेतकऱ्यांनी सावकारांच्या वह्या आणि गहाणखते जाळली. तो वणवा पुणे आणि नगर जिल्ह्यांत पसरला. सरकारने चौकशी आयोग नेमला आणि त्यातून १८७९ चा दख्खन शेतकरी साहाय्य कायदा निघाला. शेतकऱ्याची जमीन विशेषकरून गहाण दिलेली नसेल, तर पैशाच्या साध्या हुकूमनाम्यापोटी सावकाराला ती विकून घेता येऊ नये, असे बंधन या कायद्याने घातले.

आता योगायोग पाहा. त्याच १८७९ साली मुंबई इलाख्याचा जमीन महसूल कायदा झाला. त्यात थकबाकीपोटी शेतकऱ्याचा जमिनीवरील हक्क सरकारजमा करण्याचे आणि त्याची मालमत्ता विकण्याचे अधिकार सरकारने स्वतःकडे ठेवले, आणि लिलावाविरुद्ध अर्ज करण्यास तीस दिवस दिले. त्यापूर्वी तीन वर्षे, म्हणजे १८७६ साली, महसुली अधिकारक्षेत्राचा कायदा करून महसुलाच्या थकबाकीपोटी झालेली विक्री लबाडीखेरीज अन्य कारणाने रद्द करून मागण्यास दिवाणी न्यायालयाचे दार बंद करण्यात आले होते. सावकाराच्या हातातील कुऱ्हाड काढून घेणाऱ्या राज्यकर्त्यांनी स्वतःची कुऱ्हाड मात्र त्याच सुमारास पाजळून ठेवली.

स्वातंत्र्यानंतर कुळकायदे झाले, कमाल जमीनधारणेचे कायदे झाले. १९६६ च्या संहितेने शेकडो जुन्या तरतुदींची घडी नव्याने बसविली. परंतु १८७९ चे तीस दिवस तसेच राहिले. टपाल, रस्ते, छापखाने, दूरध्वनी सगळे आले. सरकारचा निरोप नागरिकापर्यंत पोहोचविण्याची साधने शतपटीने वाढली. तरी निरोप खरोखर पोहोचला की नाही हे न पाहता दिवस मोजण्याची पद्धत मात्र बदलली नाही.

अंतिमतेची बाजू

येथे दुसऱ्या बाजूचे म्हणणे आपण प्रामाणिकपणे ऐकून घेतले पाहिजे. लिलाव कधीतरी अंतिम व्हावयास हवा, असे कायदा म्हणतो त्याला कारण आहे. लिलावात जमीन घेणारा प्रत्येक माणूस धनदांडगा नसतो. बायकोचे दागिने मोडून शेजारचे दोन एकर घेणारा अल्पभूधारकही त्यात असतो. वीस वर्षांनी कोणी येऊन लिलाव खोटा होता म्हणेल आणि विहीर, बांध, फळझाडे यांसह जमीन काढून घेईल, अशी टांगती तलवार त्याच्यावर ठेवणे न्यायाचे नाही. शिवाय असे भय राहिले तर लिलावात चांगली बोली कोणी लावणार नाही, आणि त्याचा तोटा पुन्हा बाकीदारालाच होईल. म्हणूनच सर्वोच्च न्यायालयाने १९६७ साली जनकराज खटल्यात असे ठरविले की, लिलावानंतर मूळ हुकूमनामाच रद्द झाला तरी त्रयस्थ खरेदीदाराची खरेदी कायम राहील.

हा युक्तिवाद भक्कम आहे. कार्यकर्त्यांनी सभेत टाळ्यांसाठी तो उडवून लावू नये. परंतु हा सगळा युक्तिवाद एका खुंटीवर टांगलेला आहे, आणि ती खुंटी म्हणजे निष्पाप तिऱ्हाईत खरेदीदार. ही खुंटी जेथे नाही तेथे युक्तिवादही टिकत नाही. त्याकडे मी येणारच आहे. त्यापूर्वी नोटिशीविषयी थोडे बोलले पाहिजे.

नोटीस म्हणजे उपचार नव्हे

लिलावाची दवंडी दिली, जाहीरनामा चावडीवर चिकटविला, पंचनामा केला, असे दप्तरात लिहिलेले असते. ज्याची जमीन विकली तो त्या वेळी ऊसतोडीला गेलेला असतो, मुंबईच्या गिरणीत असतो, किंवा मरून गेलेला असतो आणि सरकार मृताच्या नावाने नोटिसा काढत असते. वारसांची नोंद झालेली नसते. विधवेला आपल्या नवऱ्याच्या नावे तगाई होती हेच माहीत नसते. अशा घरावर तीस दिवसांचा हिशेब लावणे म्हणजे झोपलेल्या माणसाला शर्यतीत हरल्याचे जाहीर करणे होय.

न्यायालयांनी या बाबतीत काही चांगली तत्त्वे घालून दिलेली आहेत, ती आपल्याला पाठ असली पाहिजेत. देशबंधू गुप्ता खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की, विक्रीच्या अटी ठरविण्यापूर्वी ऋणकोला नोटीस न दिल्यास ती विक्रीच दूषित होते. १९८९ च्या अंबाटी नरसय्या खटल्यात सुमारे दोन हजार चारशे रुपयांच्या मागणीपोटी दहा एकर जमीन सतरा हजार रुपयांना विकली गेली होती. देणे भागेल एवढाच तुकडा विकणे हे न्यायालयाच्या मर्जीवर अवलंबून नसून ते त्याचे कर्तव्य आहे, असे सांगून सर्वोच्च न्यायालयाने ती विक्री उडविली. हे दोन्ही निर्णय दिवाणी न्यायालयाच्या लिलावांविषयीचे आहेत. परंतु त्यांतील न्यायबुद्धी तहसील कचेरीच्या उंबरठ्यावर संपते, असे मानण्याचे कारण नाही.

येथे कायद्यातील एक भेद ध्यानात घ्यावा. विक्रीत अनियमितता झाली, तर ती रद्द करून घ्यावी लागते आणि त्याला अल्प मुदत लागते. परंतु विक्री मुळातच अधिकाराबाहेरची, म्हणजे शून्यवत् असेल, तर ती रद्द करून मागण्याची गरजच नसते. मालकीच्या आधारे कब्जा मागता येतो आणि त्याला बारा वर्षांची मुदत असते. ‘मुदत गेली’ असे सांगणाऱ्या वकिलाला, आपली विक्री या दोहोंपैकी कोणत्या प्रकारात मोडते, हे विचारण्याची सवय आपण लावून घेतली पाहिजे.

भांडवलशाहीचे माहेरघर समजल्या जाणाऱ्या अमेरिकेतील दोन खटलेही पाहण्याजोगे आहेत. आर्कान्सा राज्यात घरपट्टी थकली म्हणून एका गृहस्थाचे घर सरकारने विकले. त्याला पाठविलेली नोंदणीकृत पत्रे कोणी न स्वीकारल्यामुळे परत आली होती, आणि हे सरकारला ठाऊक होते. २००६ साली तेथील सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की, पत्र परत आल्यावर हात झटकून चालणार नाही. मालकाला कळविण्याचे आणखी रास्त उपाय सरकारने केलेच पाहिजेत. दुसरा खटला मिनेसोटा राज्यातील. एका वृद्धेची सदनिका मूळ २,३०० डॉलर कर थकल्यामुळे जप्त झाली. दंड-व्याज धरून देणे १५,००० डॉलर झाले. सदनिका ४०,००० ला विकली गेली आणि उरलेले २५,००० डॉलर स्थानिक शासनाने स्वतःच ठेवून घेतले. २०२३ साली त्याच न्यायालयाने एकमताने ठरविले की, देण्यापेक्षा अधिक घेण्याचा सरकारला अधिकार नाही. देणे वसूल करणे वेगळे आणि देण्याचे निमित्त करून मालमत्ता गिळणे वेगळे, हा भेद तेथील न्यायाधीशांना जर कळतो, तर समाजवादी प्रजासत्ताक म्हणविणाऱ्या आपल्या राज्याला तो अधिकच कळावयास हवा.

उशीर कोणाचा क्षम्य?

विलंबमाफीचा उदार दृष्टिकोन कोणत्या खटल्यात प्रस्थापित झाला, हे बोधप्रद आहे. १९८७ च्या कातिजी खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की, उशीर करून कोणाचा फायदा होत नसतो, आणि तांत्रिक कारणापेक्षा खऱ्या न्यायाला महत्त्व द्यावे. तत्त्व उत्तम आहे. पण उशीर झाला होता तो अनंतनागच्या भूसंपादन जिल्हाधिकाऱ्यांना, चार दिवसांचा. पुढे सरकारी खाती या उदारतेचा इतका फायदा घेऊ लागली की, २०१२ साली टपाल खात्याच्या एका प्रकरणात ४२७ दिवसांचा उशीर माफ करण्यास न्यायालयाने नकार दिला आणि फायली फिरण्याची सबब यापुढे पुरणार नाही, असे बजावले.

त्याच २०१२ साली आपल्या महाराष्ट्रातील तुकाराम काना जोशी खटल्याचा निकाल लागला. निरक्षर शेतकऱ्यांची जमीन १९६४ च्या अधिसूचनेनंतर औद्योगिक विकासासाठी घेतली गेली होती. संपादनाची प्रक्रिया पूर्ण झाली नाही आणि मोबदलाही मिळाला नाही. उच्च न्यायालयाने उशिराच्या कारणावरून त्यांना परत पाठविले. सर्वोच्च न्यायालयाने ते मानले नाही. अन्याय चालूच असेल आणि तो राज्यानेच केला असेल, तर उशिराची ढाल राज्याला वापरता येणार नाही, असा त्या निर्णयाचा मथितार्थ आहे. २०२० साली हिमाचल प्रदेशातील विद्यादेवी खटल्यात याच विचाराला पुष्टी मिळाली. तेथे १९६७-६८ साली रस्त्यासाठी घेतलेल्या जमिनीविषयी एक निरक्षर विधवा २०१० साली न्यायालयात गेली होती; आणि सरकार म्हणत होते की, इतकी वर्षे कब्जा असल्यामुळे जमीन आमचीच झाली! कल्याणकारी राज्याने नागरिकाच्या जमिनीवर वहिवाटीने मालकी सांगावी, हा प्रकार न्यायालयाने झिडकारला. ही प्रकरणे संपादनाची आहेत, थकबाकीची नव्हेत. तथापि उशीर आणि राज्य यांच्या नात्याविषयी त्यांनी जे सांगितले, ते आपल्या विषयाला थेट लागू पडते.

तिऱ्हाईत नसेल तेव्हा

आता मूळ मुद्द्याकडे येऊ. लिलावात जमीन तिऱ्हाइताकडे जाणे आणि ती सरकारकडेच राहणे, यांत फरक करावा, हा विचार नवीन नाही. १९३० च्या सविनय कायदेभंगात गुजरातेतील शेतकऱ्यांनी सारा देण्याचे नाकारले आणि त्यांच्या जमिनी सरकारजमा झाल्या. १९३१ च्या मार्च महिन्यात झालेल्या गांधी-आयर्विन करारात असे ठरले की, ज्या जमिनी अद्याप विकल्या गेल्या नाहीत त्या सर्वसाधारणपणे परत कराव्यात. तिऱ्हाइताला विकल्या गेल्या असतील तेथे सरकारपुरता तो व्यवहार अंतिम समजावा. म्हणजे परकी साम्राज्यसत्तेनेही, आणि तीही आपल्याविरुद्ध बंड करणाऱ्यांच्या बाबतीत, हा भेद मान्य केला होता.

एवढ्यावर गोष्ट थांबली नाही. १९३७ साली मुंबई इलाख्यात बाळासाहेब खेरांचे मंत्रिमंडळ आले आणि १९३८ साली जप्त जमिनी परत करण्याचा खास कायदा झाला. सात वर्षांपूर्वी ज्या व्यवहारांना ‘अंतिम’ म्हटले होते, त्यांचाही फेरविचार लोकनियुक्त विधिमंडळाने केला. अंतिमता ही राजकीय इच्छेच्या पलीकडची वस्तू नव्हे, हा धडा त्यातून घ्यावयाचा.

आता आपल्या काळात या. लिलावाला बोलीदार मिळाला नाही किंवा बोली अपुरी पडली, तर जमीन नाममात्र बोलीवर सरकारनेच विकत घ्यावी, अशी तरतूद संहितेच्या २२० व्या कलमात आहे. अशा जमिनींना महसुली भाषेत ‘आकारी पड’ म्हणतात. बारा वर्षांच्या आत थकबाकी आणि व्याज भरले, तर जमीन परत मिळे. बारा वर्षे उलटली, की परतीची वाट बंद. कित्येक ठिकाणी मूळ खातेदाराचे कुटुंबच ती जमीन कसत राहिले. सातबाऱ्यावर नाव मात्र सरकारचे. ना त्यावर पीककर्ज मिळे, ना वारसाची नोंद होई.

२०२५ च्या जानेवारीत राज्य मंत्रिमंडळाने या कलमात दुरुस्ती करण्याचा निर्णय घेतला. बारा वर्षांनंतरही जमीन परत देता येईल, परंतु चालू बाजारमूल्याच्या पंचवीस टक्के रक्कम भरावी लागेल, असा तो निर्णय होता. त्या वेळी सरकारने दिलेल्या आकड्यांनुसार ९६३ खातेदारांच्या ४,८४९ एकर जमिनीचा हा प्रश्न होता. या निर्णयाचे आपण स्वागत केले पाहिजे. बंद दार उघडले ही लहान गोष्ट नव्हे, आणि त्यामागे अनेक वर्षे हेलपाटे घालणाऱ्या शेतकऱ्यांचे श्रम आहेत. परंतु स्वागत करतानाच प्रश्न विचारला पाहिजे : हे पंचवीस टक्के कशाचे? जमिनीची किंमत वाढली ती सरकारच्या गुंतवणुकीने नव्हे. सरकारने नाममात्र बोलीवर ती घेतली होती. येथे निष्पाप खरेदीदार नाही, त्याने खोदलेली विहीर नाही, त्याने लावलेले झाड नाही. सरकारचे येणे होते ते थकबाकीचे. ती व्याजासह घ्यावी. तो सरकारचा हक्क आहे. त्याहून अधिक घेणे म्हणजे उशिराबद्दल केलेला दंड. आणि उशिराचा दंडच करावयाचा, तर जमीन परत करण्याचा कायदा करण्यास ज्यांना इतकी वर्षे लागली, त्यांनाही तो व्हावा!

मालमत्तेचा प्रश्न आणि आपण

येथे एक तात्त्विक आक्षेप येऊ शकतो. मालमत्तेचा हक्क मूलभूत हक्कांतून काढावा, असे म्हणणाऱ्यांत समाजवादी आघाडीवर होते. ४४ व्या घटनादुरुस्तीने १९७९ साली तो काढलाही गेला आणि ‘कायद्याच्या अधिकाराशिवाय’ कोणाची मालमत्ता घेता येणार नाही, एवढेच ३०० अ अनुच्छेदात राहिले. तेव्हा आज आपण एकेकाच्या सातबाऱ्यासाठी कंठशोष का करावा?

उत्तर सोपे आहे. आपला विरोध होता आणि आहे तो दुसऱ्याच्या श्रमावर वाढणाऱ्या मालमत्तेला. स्वतःच्या घामाने कसलेले तीन एकर हे श्रमाचे साधन आहे, शोषणाचे नव्हे. सरकारजमा झालेली प्रत्येक जमीन समाजाची झाली, असे समजणे ही भाबडी समजूत आहे. ती जमीन उद्या कोणत्या प्रकल्पासाठी, कोणत्या संस्थेला, कोणत्या दराने दिली जाईल, हे आपण डोळ्यांनी पाहत असतो. आणि सरकारी देणी बुडविणारे बडे लोक लिलावाच्या हातोड्यापर्यंत येतच नाहीत. त्यांच्यासाठी स्थगिती असते, पुनर्रचना असते, तडजोड असते. तीस दिवसांचे घड्याळ चालते ते फक्त ज्याचा वकील नाही त्याच्यासाठी. म्हणून हा प्रश्न मालमत्तेचा कमी आणि समतेचा अधिक आहे.

आपली मागणी आणि आपले काम

आपल्या मागण्या मोजक्या असाव्यात. पहिली : लिलावाविरुद्धची मुदत, नोटीस बाकीदाराला किंवा त्याच्या हयात वारसांना प्रत्यक्ष मिळाल्यापासून मोजावी. दुसरी : देणे भागेल तेवढाच तुकडा विकावा आणि वरचा पैसा न मागता परत करावा. तिसरी : नोटीस न देता जमीन तिऱ्हाइताकडे गेली असेल, तर त्याचे ओझे मूळ मालक आणि खरेदीदार यांनी एकमेकांशी भांडून वाहू नये, ज्या सरकारने चूक केली त्याने खरेदीदाराला व्याजासह पैसे द्यावेत किंवा मूळ मालकाला जमिनीची भरपाई द्यावी. चौथी : जमीन सरकारच्याच हाती असेल, तर थकबाकी आणि व्याज भरून ती केव्हाही परत मिळावी; तेथे मुदत आणि बाजारमूल्य हे दोन्ही शब्द नसावेत.

परंतु कायदा बदलेपर्यंत लोक थांबू शकत नाहीत. म्हणून कामाचे चार शब्द सांगतो. आपापल्या गावांत थकबाकीच्या नोटिसा कोणाला आल्या आहेत, याची माहिती वर्षातून दोनदा तरी घ्या. लिलाव झाला असे कळताच प्रथम दिवस मोजा. तीस दिवसांच्या आत असाल, तर निषेधाच्या मोर्चापूर्वी अर्ज द्या आणि त्याची पोच घ्या. मुदत उलटली असेल, तर रडत बसण्यापूर्वी दप्तर मिळवा. मागणीची नोटीस, ती बजावल्याचा अहवाल, जाहीरनामा, पंचनामा, बोलीची नोंद, विक्री कायम केल्याचा आदेश आणि फेरफार, या सात कागदांच्या नकला घ्या. मिळत नसतील, तर २००५ च्या माहिती अधिकाराच्या कायद्याने मागा. नोटीस कोणाच्या हाती दिली आणि त्या तारखेला तो माणूस हयात होता काय, हे आधी पाहा. पुष्कळ प्रकरणे तेथेच उलगडतात. वारस अज्ञान असतील, तर दाव्याच्या मुदतीत त्यांना सवलत असते. तीही सज्ञान झाल्यावर चटकन संपते, म्हणून त्या मुलांच्या जन्मतारखा लिहून ठेवा. १९८७ च्या विधी सेवा कायद्याप्रमाणे स्त्रिया, अनुसूचित जाती-जमातींचे लोक आणि इतर दुर्बल घटक यांना मोफत वकील मिळण्याचा हक्क आहे. तालुका समितीकडे त्यांना घेऊन जा.

एक पथ्यही पाळा. प्रत्येक जुना लिलाव खोटा असतो असे लोकांना सांगू नका. नोटीस रीतसर मिळाली होती, जमीन दुसऱ्या गरिबाने घेतली आणि तो ती कसतो आहे, असे दिसले तर तसे स्पष्ट सांगा. खोटी आशा दाखवून कोर्टाच्या पायऱ्या झिजवायला लावणे, हीही एक प्रकारची सावकारीच आहे. खऱ्या प्रकरणांसाठी लढण्याचे बळ, खोट्या प्रकरणांना नाही म्हणण्यातूनच येते.

सुप्याच्या शेतकऱ्यांनी १८७५ साली कागद जाळले, कारण ते कागद त्यांना वाचता येत नव्हते. दीडशे वर्षांनंतर आपले काम ते कागद वाचण्याचे, वाचून दाखविण्याचे आणि एकतिसावा दिवस उजाडण्यापूर्वी त्या घरी पोहोचण्याचे आहे. ते आपण नेटाने करू या, एवढीच विनंती करून मी आपली रजा घेतो.